शिलेदारांच्या कथा आणि पंडितांचे वाद

बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात फ्रान्समध्ये आणि त्यानंतर एका पिढीच्या आत जर्मनभाषी प्रदेशात जो कथाप्रकार बहराला आला त्याला ‘रोमान्स’ म्हणतात. हा शब्द आज प्रेमप्रकरणाशी जोडला गेला असला तरी त्याचा मूळ अर्थ केवळ भाषेपुरता होता. पंडितांच्या लॅटिनऐवजी लोकांच्या बोलीत जे लिहिले गेले ते रोमान्स, आणि महानुभावांनी संस्कृत बाजूला ठेवून मराठीत ग्रंथरचना केली तेव्हा जी निवड केली तीच निवड या शब्दात दडलेली आहे. या कथांच्या नायकाला फ्रेंचमध्ये ‘शव्हालिए’ आणि जर्मनमध्ये ‘रिटर’ म्हणत. दोन्ही शब्दांचा अर्थ घोड्यावर बसणारा, म्हणजे स्वार. मराठ्यांच्या फौजेत स्वतःचा घोडा आणि हत्यार घेऊन चाकरीला येणारा तो शिलेदार आणि सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर, असा भेद होता. युरोपातल्या स्वारांमध्येही स्वतःच्या जमिनीवरचे सरदार आणि धन्याच्या अन्नावर वाढलेले सेवक अशा दोन पायऱ्या होत्या, आणि रोमान्सचे बरेचसे कवी दुसऱ्या पायरीच्या जवळचे होते. जर्मन कवी हार्टमान फॉन आउए स्वतःची ओळख सांगताना आपण चाकरीतला माणूस असल्याचे नमूद करतो, हे या साहित्याच्या अभ्यासकांनी फार महत्त्वाचे मानले आहे.

या कथांपेक्षा त्यांच्या अभ्यासाचा इतिहास कमी रंजक नाही. एकाच गोष्टीच्या वीस प्रती सापडल्या आणि वीसही एकमेकींपासून वेगळ्या निघाल्या, तर खरी कोणती मानायची, या साध्या वाटणाऱ्या प्रश्नावर जर्मन आणि फ्रेंच पंडित शंभर वर्षे भांडत राहिले. त्या भांडणातून जी पद्धत आणि जी शंका तयार झाली, ती दोन्ही पुढे पुण्याला महाभारताच्या प्रतींपर्यंत पोहोचली, आणि तोच प्रश्न धुळ्याला ज्ञानेश्वरीच्या प्रतींपुढेही उभा राहिला. म्हणून हा विषय मराठी वाचकाला दूरचा वाटण्याचे कारण नाही.

गायची कथा आणि वाचायची कथा

मध्ययुगीन युरोपातल्या वीरकथांचे दोन प्रवाह आधी वेगळे करावे लागतात. पहिला प्रवाह गायनाचा होता. फ्रेंचमध्ये त्याला ‘शांसों द झेस्त’, म्हणजे पराक्रमाचे गाणे, म्हणतात. शार्लमेन बादशहाच्या पुतण्याचे पिरेनीज पर्वताच्या खिंडीतले मरण सांगणारे, सुमारे चार हजार ओळींचे ‘रोलांचे गीत’ हे त्याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण होय. गावोगाव फिरणारे गायक ही गीते वाद्याच्या साथीने जमावापुढे म्हणत, कवीचे नाव बहुधा अज्ञात असे, आणि कथेचा विषय लढाई, स्वामिनिष्ठा व मृत्यू हा असे. डफ-तुणतुण्यावर उभा राहून पोवाडा म्हणणारा शाहीर ज्याने ऐकला आहे, त्याला या प्रकाराची वेगळी ओळख करून द्यावी लागत नाही.

दुसरा प्रवाह दरबारातल्या वाचनाचा होता. शांपान्य प्रांतातला क्रेतियँ द त्रोया हा कवी साधारण 1170 ते 1190 या काळात आर्थर राजाच्या स्वारांच्या पाच मोठ्या कथा लिहून गेला, आणि त्यांपैकी ‘एरेक’ व ‘इव्हें’ या दोन हार्टमानने जर्मनमध्ये नव्याने रचल्या. वोल्फ्राम फॉन एशेनबाखने तेराव्या शतकाच्या पहिल्या दशकांत क्रेतियँची अपुरी राहिलेली पेर्सव्हालची कथा हाती घेऊन ‘पार्त्सिव्हाल’ हा विशाल ग्रंथ पूर्ण केला, आणि त्याच सुमारास गोटफ्रीड फॉन श्ट्रासबुर्गने ‘ट्रिस्टान’ लिहिला. या कथांमध्ये लढाई असते, पण ती देशासाठी किंवा धन्यासाठी नसते. नायक एकटाच रानात निघतो, वाटेत जे समोर येईल त्याला सामोरा जातो आणि परत येतो तेव्हा आतून बदललेला असतो. हुगो कून या जर्मन अभ्यासकाने 1948 मध्ये ‘एरेक’चा आराखडा मांडताना असे दाखवले की नायकाचा प्रवास दुहेरी असतो: पहिल्या फेरीत तो कीर्ती आणि पत्नी दोन्ही झटपट मिळवतो, मग स्वतःच्याच चुकीने ते सारे गमावतो, आणि दुसऱ्या, अधिक कठीण फेरीत पहिल्या यशाचा खरा अर्थ शिकतो. एरेक बायकोच्या प्रेमात शस्त्र विसरतो आणि इव्हें शस्त्रांच्या नादात बायकोला दिलेली वर्षाची मुदत विसरतो. दोन चुका एकमेकींच्या नेमक्या उलट आहेत, आणि त्या शेजारी ठेवल्या की क्रेतियँ पराक्रमाची नुसती स्तुती करत नव्हता हे ध्यानात येते.

प्रतींचा वंशवृक्ष

ही सारी काव्ये सोळाव्या शतकानंतर जवळजवळ विस्मरणात गेली होती. 1755 मध्ये ऑस्ट्रियातल्या होहेनएम्स येथील वाड्याच्या ग्रंथालयात ‘निबेलुंगेनलीड’ या जर्मन वीरकाव्याची हस्तलिखित प्रत सापडली आणि झुरिकच्या योहान याकोब बोडमरने 1757 मध्ये तिचा काही भाग छापला. प्रशियाचा राजा दुसरा फ्रेडरिक याने 1784 मध्ये असल्या जुन्या काव्यांना कवडीचीही किंमत नाही असा अभिप्राय देऊन टाकला. पण पुढच्या चाळीस वर्षांत नेपोलियनच्या स्वाऱ्यांनी जर्मनांचा स्वाभिमान दुखावला, तेव्हा याच काव्यांकडे राष्ट्राची ठेव म्हणून पाहिले जाऊ लागले.

या ठेवीला शिस्त लावण्याचे काम कार्ल लाखमानने केले. त्याने 1826 मध्ये ‘निबेलुंगेनलीड’, 1827 मध्ये बेनेके या पंडिताच्या साथीने हार्टमानचा ‘इव्हाइन’ आणि 1833 मध्ये वोल्फ्रामची काव्ये संपादित केली. त्याच्या नावाने ओळखली जाणारी पद्धत समजायला सोपी आहे. पोथी उतरवून घेणारा लेखनिक चुका करतो, आणि त्याच्या प्रतीवरून पुढे जेवढ्या प्रती होतात त्या सगळ्यांत त्या चुका उतरतात. म्हणून ज्या दोन प्रतींत एकच विचित्र चूक आढळते, त्या एकाच हरवलेल्या प्रतीच्या लेकी असल्या पाहिजेत. अशा समान चुका गोळा करत गेल्यास प्रतींचा वंशवृक्ष मांडता येतो, आणि फांद्यांवरून खोडाकडे उलटे चालत गेल्यास आज अस्तित्वात नसलेल्या मूळ प्रतीचा पाठ, म्हणजे तिच्यातील शब्दरचना, अनुमानाने उभा करता येतो. ‘पार्त्सिव्हाल’च्या पूर्ण प्रती आणि तुकडे मिळून ऐंशीहून अधिक साधने आज माहीत आहेत, लाखमानने त्याच्या काळी उपलब्ध असलेल्या प्रतींचे दोन कुळांत विभाजन केले, आणि ती विभागणी आजही चर्चेचा पाया म्हणून वापरली जाते.

फ्रान्समध्ये ही विद्या गास्तों पारीने नेली. तो तरुणपणी जर्मनीत बॉन आणि ग्योटिंगेन येथे शिकला होता. 1872 मध्ये त्याने पॉल मेयरसह ‘रोमानिया’ हे संशोधनपत्र सुरू केले, आणि 1883 मध्ये त्याच पत्रात क्रेतियँच्या लान्सलॉटवर लिहिताना ‘दरबारी प्रेम’ ही संज्ञा रूढ केली. स्वाराने आपल्याहून वरच्या पायरीवरच्या, बहुधा दुसऱ्याच्या पत्नी असलेल्या स्त्रीची धन्याप्रमाणे सेवा करावी आणि त्या सेवेतून स्वतः थोर व्हावे, असे त्या प्रेमाचे स्वरूप त्याने सांगितले. हे प्रेम वास्तवात होते की दरबारातला केवळ खेळ होता, यावर पुढे शंभर वर्षे वाद झाला. विद्या आणि राष्ट्राभिमान यांची गाठही येथे दिसते, कारण डिसेंबर 1870 मध्ये प्रशियाच्या फौजांनी पॅरिसला वेढा घातलेला असताना पारीने ‘रोलांचे गीत’ आणि फ्रेंच राष्ट्रीयत्व या विषयावर व्याख्यान दिले होते. ज्या देशाकडून पद्धत शिकली त्याच देशाच्या तोफा दाराशी होत्या.

पारीचा शिष्य जोझेफ बेदिए याने या पद्धतीच्या मुळाशीच हात घातला. ‘सावलीचे गीत’ ही तेराव्या शतकातील छोटी कथा त्याने 1890 मध्ये लाखमानच्या रीतीने संपादित केली होती. 1913 मध्ये तीच पुन्हा संपादताना आणि 1928 मध्ये तिच्यावर दीर्घ लेख लिहिताना त्याने एक चमत्कारिक गोष्ट दाखवून दिली. पंडितांनी काढलेले प्रतींचे बहुसंख्य वंशवृक्ष बुंध्याशी नेमके दोनच फांद्यांचे निघत. निसर्गातही एवढी नियमितता नसते, तेव्हा ती पोथ्यांत कोठून आली? बेदिएचे उत्तर असे की तीन फांद्या असल्या तर दोघींचे मत तिसरीवर मात करते आणि संपादकाला निवडीला वाव राहत नाही. दोनच असल्या तर प्रत्येक मतभेदात त्याची रसिकता न्यायाधीश होते, म्हणून नकळत तो झाड दोन फांद्यांपाशी आणून सोडतो. त्याचा उपाय साधा होता: एक चांगली प्रत निवडावी, ती जवळजवळ जशीच्या तशी छापावी, आणि कोणीही कधी न वाचलेला पाठ अनुमानाने रचू नये.

पुण्याची चौकट

हा वाद युरोपात चालू असताना त्याची सर्वांत मोठी कसोटी पुण्यात लागत होती. महाभारताची चिकित्सक आवृत्ती, म्हणजे सर्व प्रती ताडून तयार केलेली आवृत्ती, व्हावी अशी मागणी मोरित्स विंटरनित्सने 1899 मध्ये रोमच्या प्राच्यविद्या परिषदेत केली होती. ते काम 1919 मध्ये भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने अंगावर घेतले आणि 1925 मध्ये विष्णु सीताराम सुकथनकर त्याचे प्रमुख संपादक झाले. सुकथनकर केंब्रिजला गणित शिकून बर्लिनला हाइनरिष ल्युडर्स यांच्या हाताखाली तयार झालेले होते. स्वारांच्या कथांवर घडवलेली जर्मन शिस्त अशा रीतीने त्यांच्याबरोबर पुण्यात आली.

कामाची रीत जवळून पाहण्यासारखी आहे. प्रत्येक श्लोकासाठी आडव्या-उभ्या रेघांचा एक कागद आखलेला असे. वरच्या ओळीत प्रचलित पाठ एका चौकोनात एक अक्षर याप्रमाणे लिहिला जाई, आणि खाली एकेका हस्तलिखितासाठी एकेक ओळ ठेवून जेथे फरक असेल तेथे त्याच अक्षराच्या खालच्या चौकोनात तो नोंदवला जाई. काश्मीरची शारदा, बंगाली, मल्याळम, ग्रंथ, तेलुगू अशा निरनिराळ्या लिप्यांतल्या पोथ्या या एका चौकटीत समोरासमोर आल्या की कोणत्या प्रदेशात काय घुसले हे डोळ्यांनाच दिसे. व्यास सांगत आहेत आणि गणपती लिहून घेत आहे, हा घराघरात सांगितला जाणारा प्रसंग सर्व शाखांत मिळत नाही म्हणून मुख्य पाठातून निघून परिशिष्टात गेला, तो अशाच ताडणीमुळे.

सुकथनकरांनी मात्र लाखमानची पद्धत आंधळेपणाने लावली नाही. 1933 मध्ये पूर्ण झालेल्या आदिपर्वाच्या प्रस्तावनेत त्यांनी स्पष्ट केले की महाभारताच्या प्रती एकमेकींत इतक्या मिसळल्या आहेत की शुद्ध वंशवृक्ष काढणे शक्य नाही, आणि हाती येणारा पाठ हा व्यासांचा मूळ शब्द नसून उपलब्ध हस्तलिखितांच्या आधारे जेवढे मागे जाता येते तेवढ्या मागचा पाठ आहे. सर्व पर्वांचे काम 1966 मध्ये पुरे झाले. बेदिएने पॅरिसमध्ये ज्या अहंकारावर बोट ठेवले होते, त्याला पुण्यात दिलेले हे उत्तर होते: झाड काढता येत नसेल तर काढल्याचा आव आणू नये, पण म्हणून ताडणीही सोडू नये.

खानदेशातली प्रत आणि देवगिरीचा दरबार

इतिहासाचार्य विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांचा मार्ग मात्र बेदिएच्या जवळचा ठरला, जरी त्यांची आवृत्ती बेदिएच्या 1913 च्या संपादनाआधीची होती. त्यांना मिळालेली ज्ञानेश्वरीची जुनी प्रत एकनाथांनी शुद्ध केलेल्या पाठाच्या आधीची आहे असे मानून त्यांनी ती 1909 मध्ये धुळ्याहून प्रसिद्ध केली, आणि त्यातील जुन्या रूपांच्या आधारे मराठीचे व्याकरण लिहिले. एका प्रतीवर एवढा विश्वास टाकावा का, यावर पुढे खूप वाद झाला. महानुभावांच्या पोथ्यांची सांकेतिक लिपी उलगडून त्यांनी जे दार उघडले त्याबद्दल मात्र दुमत नाही. 31 डिसेंबर 1926 रोजी धुळ्यात त्यांचे निधन झाल्यावर त्यांच्या नावाने तेथे स्थापन झालेल्या संशोधन मंडळाने खानदेशाला हस्तलिखितांचे घर दिले. नंदुरबार 1 जुलै 1998 पर्यंत धुळे जिल्ह्याचाच भाग असल्याने, तापीच्या दोन्ही काठांवरच्या वाचकाला हे घर आपल्याच जिल्ह्यातले होते.

सांकेतिक लिपीच्या कड्या निघाल्या तेव्हा बाहेर आलेल्या ग्रंथांत नरेंद्राचे ‘रुक्मिणीस्वयंवर’ होते. 1292 च्या सुमाराचे हे काव्य देवगिरीच्या यादव दरबाराशी निगडित आहे, आणि प्रेम, विरह, पत्र, हरण व युद्ध हा त्याचा क्रम पाहता मराठीत दरबारी रोमान्सला सर्वांत जवळची रचना हीच ठरते. परंपरा असे सांगते की रामदेवरावाने प्रत्येक ओवीमागे सोन्याचे नाणे देऊ करून काव्यावर स्वतःचे नाव घालण्यास सांगितले आणि नरेंद्राने ते नाकारून महानुभाव पंथाची वाट धरली. याच्या शेजारी क्रेतियँला ठेवून पाहावे. ‘लान्सलॉट’च्या आरंभी तो सांगतो की कथेचा विषय आणि आशय दोन्ही शांपान्यच्या काउंटेस मारीने दिले असून आपले केवळ श्रम आहेत, मग शेवट दुसऱ्याच्या हाती सोपवून तो बाजूला होतो. हा विनय होता, टोमणा होता, की नको असलेल्या विषयापासून हात झटकणे होते, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. एक कवी नाव विकायला तयार नव्हता, दुसऱ्याने श्रेय आश्रयदात्याच्या पदरात टाकले. दोघांच्याही समोर प्रश्न एकच होता, की अन्नदात्याच्या दरबारात लिहिलेले काव्य कोणाचे.

एरिष क्योलरने 1956 मध्ये याच प्रश्नाचे समाजशास्त्रीय रूप मांडले. त्याच्या मते रोमान्समधला उदार राजा आणि एकटा निघालेला गरीब स्वार हे केवळ कल्पनेचे खेळ नव्हते. जमिनीविना राहिलेल्या धाकट्या पातीच्या लोकांना स्वतःचे मोल वाटावे असा आरसा त्या कथांनी धरला होता. त्याआधी एरिष आउअरबाखने, नाझी राजवटीने मारबुर्गच्या विद्यापीठातून दूर केल्यावर इस्तंबूलला बसून 1942 ते 1945 या काळात लिहिलेल्या ‘मिमेसिस’मध्ये, हाच स्वार रानात निघतो तेव्हा त्याच्या वाटेत शेत, बाजार, सारा वा कर्ज यांपैकी काहीही का येत नाही, हा प्रश्न विचारला होता.

ज्याला मूळ प्रत नाही

पोवाड्याकडे वळले की पाठाचा प्रश्न पुन्हा वेगळा होतो. हॅरी आर्बुथनॉट अ‍ॅकवर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी 1891 मध्ये ऐतिहासिक पोवाड्यांचा संग्रह छापला तेव्हा त्यांची प्रत पोथी नव्हती, गोंधळ्यांचे तोंड होते. त्यातील तुळशीदासाच्या सिंहगडाच्या पोवाड्यात जिजाबाई शिवाजी महाराजांना बोलावून फाशांचा डाव मांडते, जिंकते आणि इतर गड नाकारून सिंहगडच मागते. इतिहासाच्या कागदांत असा डाव नाही. रोमान्सच्या अभ्यासकाला मात्र तो ओळखीचा वाटतो, कारण मागणे काय हे कळण्याआधीच शब्दात अडकलेला राजा ही आर्थरच्या दरबारातली नेहमीची युक्ती आहे. ‘लान्सलॉट’मध्ये के नावाचा सरदार राजाकडून आधी होकार घेतो आणि मग राणीलाच बरोबर नेण्याची मागणी करतो. झां फ्रापिए या फ्रेंच अभ्यासकाने या ‘बांधून टाकणाऱ्या वरदाना’चा स्वतंत्र अभ्यास केला. दशरथाची गोष्ट माहीत असलेल्या मराठी श्रोत्याला त्याचे नवल वाटणार नाही. कोणी कोणाकडून उचलले, असा प्रश्न येथे फोल आहे, कारण गाणाऱ्याला लढाई सुरू करायची असते आणि त्यासाठी राजाला मागे फिरता येणार नाही अशी सोय लागते.

अशा गायनकथेत मूळ पाठ शोधणे का चुकते, हे मिलमन पॅरी आणि आल्बर्ट लॉर्ड यांनी युगोस्लाव्हियातल्या गायकांच्या ध्वनिमुद्रणांवरून दाखवले; लॉर्डच्या 1960 च्या ग्रंथाप्रमाणे गायक पाठ केलेले म्हणत नाही, ठरीव शब्दबंधांच्या आधारे प्रत्येक वेळी नव्याने रचतो. 1972 मध्ये पोल झुम्थोरने हाच विचार मध्ययुगीन फ्रेंच हस्तलिखितांना लावून पाठाच्या ‘चलनशीलते’ची कल्पना मांडली, आणि योआखिम बुमकेने जर्मन वीरकाव्यांतही एकमेकांना समांतर असे समान दर्जाचे पाठ असू शकतात हे पुढे आणले.

याच काळात या विद्येचा प्रवास उलट दिशेने झाला. हायडेलबर्गचे ग्युंथर-डीट्झ सोन्थायमर धनगरांच्या वाड्यांवर बसून बिरोबा, म्हस्कोबा आणि खंडोबा यांच्या ओव्या ऐकू लागले आणि 1976 मध्ये त्यांनी त्यावर जर्मनमध्ये ग्रंथ लिहिला. त्या ओव्यांत एक भाग गायला जातो आणि तोच पुन्हा गद्यात सांगितला जातो, त्यामुळे एकाच रात्री एकाच कथेचे दोन पाठ समोर येतात. फ्रान्समध्ये जन्मलेले आणि पुण्यात स्थायिक झालेले गी पॉइत्व्हें यांनी हेमा राईरकर यांच्यासह जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. दरबारी रोमान्समध्ये स्त्रीबद्दल बहुधा पुरुषच बोलतो. जात्यावरच्या ओवीत बोलणारी बाईच असते, आणि तिच्या रामकथेत वनवास रामापेक्षा सीतेचा अधिक असतो.

नंदुरबार जिल्ह्यातल्या शहादा तालुक्यात साखर कारखान्याभोवती वाढलेल्या पुरुषोत्तमनगरच्या उत्तरेला सातपुड्याची जी रांग उभी आहे, तिच्यात भिलांच्या बोलींतून याहामोगी देवी आणि राजा पांठा यांच्या कथा आजही रात्र-रात्र सांगितल्या जातात, आणि महाशिवरात्रीला देवमोगऱ्याच्या यात्रेला निघालेले लोक त्या बरोबर घेऊन जातात. त्या कागदावर उतरवताना तीन सांगणाऱ्यांचे तीन पाठ समोर आले, तर त्यातून एक ‘शुद्ध’ कथा तयार करण्याचा मोह होणे स्वाभाविक आहे. लाखमानने तो मोह पद्धतीत बसवला आणि बेदिएने तो उघडा पाडला. मूळ पोथीच्या लेकी असलेल्या पाठांना सुकथनकरांची चौकट हवी. पण सांगणाऱ्यांच्या तोंडून आलेल्या पाठांसाठी तीन वेगळे कागद हवेत, आणि प्रत्येकाच्या माथ्यावर कोणी, कोठे आणि कोणत्या रात्री सांगितले, एवढी नोंद हवी.